वरसईची कावड

गंगेचे पाणी दूरदेशी नेण्यासाठी या भरतखंडात जेवढे परिश्रम, जेवढे द्रव्य आणि प्रसंगी जेवढे रक्तही खर्ची पडले आहे, तेवढे दुसऱ्या कोणत्याही अलौकिक मानलेल्या वस्तूच्या शोधात पडले असेल असे मला वाटत नाही. अकराव्या शतकाच्या पहिल्या पादात चोळ सम्राट राजेंद्राने आपले सैन्य कलिंग आणि वंगदेश ओलांडून थेट गंगातीरापर्यंत धाडले आणि तेथून आणलेले जल ज्या विस्तीर्ण तलावात ओतले, त्याला त्याच्या ताम्रपटात जलमय जयस्तंभ म्हटले गेले; नव्या राजधानीचे नावही गंगैकोंडचोळपुरम् असेच पडले. मुहम्मद तुघलकासाठी गंगाजल दौलताबादेस येत असे आणि त्या वाटेला चाळीस दिवस लागत, असे इब्न बतूता लिहून गेला आहे. अकबर बादशहा घरी असो वा स्वारीत असो, गंगेचेच पाणी पीत असे. आग्र्याकडे मुक्काम असला म्हणजे सोरोंहून आणि पंजाबात असला म्हणजे हरद्वारहून मोहोरबंद घागरी त्याच्या आबदारखान्यात दाखल होत.

या राजांना सैन्य, जासूद, उंट आणि खजिना यांची वाण नव्हती. परंतु याच पाण्यासाठी १८५७ च्या बंडाच्या वणव्यातून पायी चालत गेलेल्या आणि ते घेऊन पायीच परतलेल्या दोन दरिद्री कोकणी भिक्षुकांची मोहीम मला या सर्वांहून थोर वाटते, आणि तिचा इतिहास आपण ज्या पुस्तकात वाचतो, त्या पुस्तकाकडे मात्र आपले बहुतेक वाचक झाशीच्या राणीची हकीकत काढून घेण्यापुरतेच जातात, याचा मला मनापासून खेद होतो. विष्णुभट गोडसे वरसईकर यांचे 'माझा प्रवास' हे ते पुस्तक होय. त्यातील राणी अमर आहे यात शंका नाही. पण ज्या हेतूने तो ब्राह्मण घराबाहेर पडला, तो हेतू दृष्टीआड केला तर राणीची ती तेजस्वी चित्रेसुद्धा कोणाच्या डोळ्यांनी पाहिलेली आहेत हे समजत नाही.

पेणनजीकचे वरसई हे गाव वेदविद्येच्या परंपरेसाठी पूर्वीच्या कुलाबा जिल्ह्यात नावाजलेले. पण विद्या आणि दारिद्र्य एकाच घरात नांदावीत असा जणू दंडकच असल्यामुळे गोडशांच्या घरावरही कर्जाचा बोजा होता. विष्णुभट १८२७ साली जन्मलेले, म्हणजे सत्तावन साली तिशीत. पेशवाई बुडून चाळीस वर्षे होत आली होती, पुण्याचा रमणा आणि श्रावणमासची दक्षिणा यांच्या कथा तेवढ्या उरल्या होत्या, आणि याज्ञिकी करणाऱ्या माणसाला चार पैसे गाठीला बांधायचे तर हिंदुस्थानातील मराठी संस्थानांकडे पाहण्यावाचून गत्यंतर नव्हते. अशा वेळी वार्ता आली की, दौलतराव शिंद्यांच्या वृद्ध पत्नी बायजाबाईसाहेब मथुरेस सर्वतोमुख यज्ञ करणार असून त्यात लाखो रुपये दानधर्मात जाणार आहेत. १८५७ च्या मार्च महिन्यात विष्णुभट आणि त्यांचे काका रामभट यांनी घर सोडले. दक्षिणा मिळवून ऋण फेडावे हा प्रकट हेतू. आणि उत्तरेस जाणे घडतेच आहे तर ज्यांना काशीयात्रा या जन्मी साधणार नाही अशा आपल्या आईबापांसाठी गंगेची कावड आणून त्यांना त्या जलाने स्नान घालावे, हा त्याच्याही पोटातला हेतू. पहिले ऋण सावकाराचे होते, दुसरे जन्मदात्यांचे. आणि दोन्ही ऋणे एकाच वाटेने फिटतील अशी त्या बिचाऱ्यांची समजूत होती.

पुणे, नगर, धुळे अशा मजला करीत, सातपुडा ओलांडून ते महूच्या आसपास पोहोचले, तेव्हा एका चौकीवर त्यांना कंपनीच्या पलटणीतले काही शिपाई भेटले आणि लवकरच या मुलखात प्रलय उडणार असल्याने तुम्ही मागे फिरा, असा इशारा त्यांनी दिला. काडतुसांची हकीकतही त्यांनी तेथेच ऐकली. विवेकी मनुष्य येथूनच परतला असता. पण परत जाऊन सावकाराला आणि घराला कोणते तोंड दाखवायचे, हा प्रश्न शिपायांच्या प्रलयाहून त्यांना अधिक निकट होता. धार, उज्जैन अशी स्थळे घेत ते ग्वाल्हेरीस गेले. दरम्यान मीरत पेटली, दिल्ली पेटली, महूची छावणी उठली, आणि मथुरेच्या यज्ञाची वार्ता त्या धामधुमीत विरून गेली. द्रव्याची आशा आता दुसरीकडे न्यावयाची होती. ती त्यांनी झाशीकडे नेली.

झाशी त्या काळी मराठी माणसाला परदेश वाटावी अशी नव्हती. ओर्छ्याच्या वीरसिंहदेवाने सतराव्या शतकाच्या आरंभी बंगरा टेकडीवर बांधलेला किल्ला आणि त्याच्या पायथ्याचा मुलूख छत्रसालाच्या वारशाने पेशव्यांकडे आला. १७४२ च्या सुमारास नारो शंकर सुभेदार होऊन आला, त्याने किल्ला वाढविला, शहर वसविले आणि दक्षिणेतून माणसे आणून तेथे रुजविली. त्यानंतर रत्नागिरीकडचे नेवाळकर आले. रघुनाथ हरी नेवाळकरांनी सुभा स्थिर केला आणि महालक्ष्मीचे मंदिर उभारले. शहराच्या कोटाला दहा वेशी आणि त्यांची नावे ओर्छा, दतिया, भांडेर, सागर अशी बुंदेलखंडाची. पण आतल्या वाड्यांतून ऐकू येणारी भाषा, चैत्रगौर, गणपती, श्रावणी, पंक्तींतले सोवळेओवळे, हे सारे कोकणदेशांतून उचलून आणल्यासारखे. वरसईच्या दोघा भिक्षुकांना तेथे केशवभट मांडवगणे यांच्यासारख्या आप्तस्वभावाच्या गृहस्थाचा आसरा मिळाला, यात म्हणूनच नवल नाही.

राजे गंगाधरराव २१ नोव्हेंबर १८५३ रोजी निवर्तले. आदल्याच दिवशी घेतलेले दत्तकविधान गव्हर्नर जनरल डलहौसीने अमान्य केले आणि १८५४ साली संस्थान खालसा झाले. राणी लक्ष्मीबाईसाहेबांना साठ हजारांचा वार्षिक तनखा देऊ करून किल्ला सोडावयास लावण्यात आले. तीन वर्षांनी, जून १८५७ मध्ये, झाशीची पलटण उठली, जोखनबागेत इंग्रज स्त्रीपुरुषांची आणि मुलांची हत्या झाली, शिपाई दिल्लीच्या रोखाने निघून गेले आणि राज्याचा बंदोबस्त राणीच्या हाती आला. तो तिच्याकडे उणेपुरे दहा महिने राहिला. या दहा महिन्यांतील झाशी आतून पाहणारा आणि आपल्या मायबोलीत तिची साक्ष ठेवणारा असा एकच माणूस आपल्याला लाभला, आणि तो तेथे दक्षिणेच्या आशेने आला होता.

गोडसे भटजींची दृष्टी मुत्सद्द्याची नव्हे, याज्ञिकाची आहे, आणि तीच तिची संपत्ती. राणी पहाटे उठून व्यायाम करते, मल्लखांब आणि घोडा यांचा नेम चुकवीत नाही, स्नानानंतर पांढरे शुभ्र चंदेरी पातळ नेसून तुळशीची पूजा करते, दरबारात कधी पुरुषी पोशाखात तर कधी स्त्रीवेषात येते, हे तपशील राजकारण पाहणाऱ्याने गाळले असते. विष्णुभटांनी ते गाळले नाहीत, कारण आन्हिक कसे चालते यावरून माणूस ओळखण्याची त्यांना सवय होती. थंडीच्या दिवसांत महालक्ष्मीच्या दर्शनाहून परतताना गोरगरिबांची गर्दी वाटेत आडवी आली, तेव्हा शहरातील प्रत्येक भिकाऱ्यास टोपी, बंडी आणि कांबळे देण्याचा हुकूम राणीने केल्याची गोष्ट त्यांनीच नोंदविली आहे. भटजींना स्वतःला कर्जाची टोचणी होती, तरी दुसऱ्याच्या दानाचे वर्णन करताना त्यांच्या लेखणीत असूयेचा लेश नाही.

पण मला वाटते, झाशीत त्यांच्या अंतःकरणाला सर्वांत अधिक ज्या वस्तूने मोहिनी घातली ती म्हणजे तेथील पुस्तकशाला. नेवाळकरांच्या घराण्याने पिढ्यान् पिढ्या ग्रंथसंग्रह केला होता. नवा ग्रंथ कोठे आहे असे कळले की त्याची नक्कल करवून घ्यायची असा तेथे शिरस्ता असे, वेद, भाष्ये, सूत्रे, शास्त्रे, पुराणे यांच्या पोथ्या तेथे नीट बांधून ठेवलेल्या होत्या, आणि काशीत एखाद्या ग्रंथाची प्रत मिळाली नाही तर काशीचे पंडित झाशीकडे धाव घेत, असा त्या संग्रहाचा लौकिक होता. एका वैदिकाला यापेक्षा मोठे निधान कोणते? गंगा ज्या नगरीत आहे, त्या नगरीचे लोक ज्ञानाची तहान भागवावयास या माळरानावरच्या गावी येत होते.

२१ मार्च १८५८ रोजी सर ह्यू रोज आपली फौज घेऊन झाशीपुढे येऊन ठेपला, आणि चार दिवसांनी तोफा सुरू झाल्या. कुलपी गोळे रात्री आकाशातून लाल चेंडूंसारखे येत आणि ज्या घरावर पडत ते घर माणसांसह उद्ध्वस्त करीत. दिवसा कोटाला खिंडार पडावे, रात्री गवंड्यांनी अंगावर कांबळी घेऊन अंधारात ते पुन्हा बांधून काढावे, असा क्रम चालला होता. गुलाम घौसखानासारखे गोलंदाज बुरुजांवर होते आणि राणी स्वतः मोर्चांवरून फिरत होती. तात्या टोपे मोठी फौज घेऊन कुमकेस आल्याचे दिसले, तेव्हा शहरात हर्षाचा कल्लोळ उसळला. परंतु १ एप्रिल रोजी बेतवेच्या काठी रोजने त्या फौजेचा मोड केला, आणि ३ एप्रिलला पहाटे इंग्रज शिड्या लावून शहरात शिरले. चारच्या रात्री राणी थोड्या स्वारांनिशी किल्ल्यातून निघून काल्पीच्या रोखाने गेली.

त्यानंतर शहरात जे झाले त्याला विष्णुभट 'बिजन' म्हणतात. हातात शस्त्र असो वा नसो, पुरुष दिसला की मारावा, अशी ती सरसकट कत्तल होती. इंग्रज लेखकांनीच मृतांची संख्या पाच हजारांच्या घरात दिली आहे. भटजी आणि त्यांचे काका लपून राहिले म्हणून वाचले; जवळ जमविलेले होते ते गेले. लुटीचाही एक अनुक्रम होता, आणि तो त्यांनी जितक्या स्थिर हाताने नोंदविला आहे तितक्याच स्थिर मनाने तो वाचणे आपल्याला जड जाते: आधी सोने, रुपे आणि रोकड, मग तांब्यापितळेची भांडी, मग कापडचोपड, मग धान्य. एका घरात एक टोळी येऊन गेली म्हणजे घर सुटले असे नव्हते, कारण पुढच्या टोळीला हवी असलेली वस्तू अजून शिल्लक असे. रस्त्यांवर प्रेते, विझत आलेली घरे, धन्यावाचून भटकणारी गुरे. या सर्वनाशात राजवाड्यातील पोथ्याही गेल्या. सैनिकांनी त्या उधळल्या, फाडल्या, जाळल्या. माणसांच्या मरणाने व्याकूळ झालेला तो ब्राह्मण ग्रंथांसाठीही शोक करतो, तेव्हा त्याच्या दुःखाची प्रतवारी लावण्याचा अधिकार आपल्याला नाही. मेलेल्यांची मुले उरली, आणि झाशी पुन्हा वसली. त्या संग्रहातील ज्या ग्रंथांची दुसरी प्रत कोठे नव्हती, त्यांचे नावसुद्धा आज कोणी सांगू शकणार नाही.

झाशीतून बाहेर पडलेले हे दोघे काल्पीच्या वाटेला लागले. त्या प्रवासातला एक प्रसंग महाराष्ट्राला मुखोद्गत आहे, तरी माझ्या विषयासाठी तो सांगणे प्राप्त आहे. पहाटेच्या वेळी एका विहिरीवर त्यांना धुळीने माखलेली, पठाणी पोशाखातील, तहानेने व्याकूळ झालेली राणी भेटली. विष्णुभट पाणी काढून द्यावयास पुढे झाले. पण आपण विद्वान ब्राह्मण, आपण माझ्यासाठी पाणी काढू नये, असे म्हणून तिने मडके हाती घेतले, स्वतः पाणी शेंदले आणि ओंजळीने प्याली. आपण विधवा, आपल्याला अर्ध्या शेर तांदळाचीच काय ती गरज, पण धर्मासाठी या कर्मास प्रवृत्त झाले, अशा अर्थाचे ती बोलली आणि घोड्यावर स्वार होऊन निघून गेली. जून महिन्यात ग्वाल्हेरजवळ ती पडली. जो माणूस आईबापांसाठी पाणी आणावयास निघाला होता, त्याच्या हातचे घोटभर पाणी त्या स्त्रीने तहानेच्या ऐन भरातही घेतले नाही, ही गोष्ट त्याच्या मनात किती खोल गेली असेल, हे ती हकीकत वाचणाऱ्या कोणालाही जाणवावे.

मे महिन्यात काल्पीही पडली. यापुढचा प्रवास म्हणजे बुंदेलखंडातील आणि अंतर्वेदीतील पराभूत प्रदेशातून, कधी बंडवाले म्हणून इंग्रजांच्या संशयाला तोंड देत, तर कधी धनिक समजून चोरांच्या हाती सापडत केलेली वणवण. चित्रकूट, ब्रह्मावर्त, अयोध्या अशी तीर्थे त्यांनी केली. मिळालेली दक्षिणा पुन्हा पुन्हा लुटली गेली. येथे मला एक गोष्ट फार मोलाची वाटते. द्रव्य मिळेनासे झाले, जीव शाबूत ठेवून घरी पोहोचणे हाच पुरुषार्थ ठरला, तेव्हाही गंगेची कावड न्यावयाची हा संकल्प त्यांनी सोडला नाही. उलट जसजशी पहिल्या हेतूची आशा क्षीण झाली, तसतसा दुसरा हेतू बळावत गेला. काशीस जाऊन त्यांनी कावड भरली आणि ती खांद्यावर घेऊन दक्षिणेची वाट धरली.

आज आगगाडीने चोवीस-तीस तासांत जे अंतर तुटते, ते कावडीसह चालणे म्हणजे काय, याची कल्पना आपल्याला येणे कठीण आहे. वेळूच्या दोन्ही टोकांना समतोल भार, खांदा बदलावयाचा तोही शुचिर्भूत राहून. कावड जमिनीवर टेकवायची नाही, म्हणून मुक्कामात ती टांगण्यापुरती जागा आधी शोधायची आणि मग स्वतःच्या पाठीची. स्नानावाचून तिला शिवायचे नाही. एकनाथांनी रामेश्वरासाठी आणलेली कावड वाळवंटात तडफडणाऱ्या गाढवाच्या मुखात रिकामी केली, ही कथा मराठी मनावर एवढी ठसली, ती नाथांच्या भूतदयेमुळे तर खरीच. पण अशी कावड येथवर आणण्यास काय पडते हे ऐकणाऱ्या प्रत्येकाला ठाऊक होते, म्हणून त्या दयेचे मोल त्याला कळले. विष्णुभटांजवळ त्या वेळी दुसरे काही असते तर चोरांनी तेही नेले असते. पाणी तेवढे कोणी नेले नाही.

त्या पाण्याच्या अंगी खरोखरच काही सामर्थ्य होते काय, असे आधुनिक वाचक विचारील, आणि तो प्रश्न मला अनुचित वाटत नाही. गंगाजल साठविले तरी नासत नाही, हा अनुभव पिढ्यान् पिढ्यांचा आहे. १८९६ साली आग्र्यास प्रयोगशाळा चालविणाऱ्या हँकिन या इंग्रज शास्त्रज्ञाने गंगायमुनेच्या पाण्यात पटकीचे (कॉलऱ्याचे) जंतू मरतात, असे प्रयोगाअंती पॅरिसच्या पास्तर संस्थेच्या नियतकालिकात मांडले. पुढे १९१७ साली द'हेरेल याने जंतूंना खाणाऱ्या सूक्ष्म घटकाला बॅक्टेरिओफाज हे नाव दिले, तेव्हा हँकिनच्या निरीक्षणाकडे लोकांचे पुन्हा लक्ष गेले. ज्ञानाच्या दृष्टीने हे सारे महत्त्वाचे आहे. मात्र वरसईच्या त्या कुटुंबाला त्या जलाकडून जे हवे होते, ते रोगनिवारण नव्हते. ज्या माणसांनी आयुष्यभर काशीचे नाव घेतले आणि काशी पाहिली नाही, त्यांच्या मस्तकावर मुलाच्या हातून काशीची गंगा पडावी, एवढीच ती मागणी होती; आणि अडीच-तीन वर्षांच्या अंतराने विष्णुभट वरसईस परतले तेव्हा ती पूर्ण झाली. आईबापांना त्यांनी गंगास्नान घातले. सावकाराचे ऋण फेडण्याजोगे द्रव्य मात्र घरात आले नाही.

ही हकीकत कागदावर उतरली ती चिंतामणराव वैद्यांमुळे. पुढे महाभारताचे आणि मध्ययुगीन भारताचे इतिहासकार म्हणून विख्यात झालेले वैद्य हे गोडशांच्या यजमानांच्या घराण्यातले. त्यांनी आग्रह केला, मोबदला देऊ केला, आणि १८८३ च्या सुमारास, म्हणजे घटनांनंतर जवळजवळ पाव शतकाने, विष्णुभटांनी आपल्या वळणदार मोडीत सारे लिहून काढले. इंग्रजांच्या राज्यात असे लेखन छापणे धोक्याचे होते, म्हणून ते बाड वैद्यांच्या दफ्तरी पडून राहिले आणि १९०७ साली, लेखकाच्या पश्चात, प्रसिद्ध झाले. त्याआधी १८९४ मध्येच दत्तात्रय बळवंत पारसनीसांनी राणीचे चरित्र लिहिले होते. तरी वैद्यांची ही आवृत्ती बाहेर येताच मराठी वाचकाला झाशी प्रत्यक्ष दिसू लागली. वैद्यांनी छापताना भाषेवर आपला हात बराच फिरविला होता, हे त्या काळच्या संपादकीय समजुतीस धरूनच झाले. मूळ मोडी हस्तलिखित पुण्याच्या भारत इतिहास संशोधक मंडळात जपले गेले, आणि दत्तो वामन पोतदारांनी १९६६ साली त्यावरून यथामूल आवृत्ती सिद्ध केली, तेव्हा विष्णुभटांचा स्वतःचा आवाज, त्याच्या कोकणी हेलांसह, कानावर आला.

इतिहासाच्या अभ्यासकांनी या ग्रंथातील तिथ्या, माणसे आणि मोर्चे तपासले आहेत, आणि पंचवीस वर्षांनी केवळ स्मरणावर लिहिलेल्या मजकुरात जेथे चुका असावयाच्या तेथे त्या सापडल्याही आहेत. ते काम आवश्यकच होते. मला त्यात इतकेच जोडावयाचे आहे की, या पुस्तकाची इमारत झाशीच्या वेढ्यावर उभी नाही. वरसईच्या उंबरठ्यापासून वरसईच्या उंबरठ्यापर्यंत जी वाट जाते, तिच्यावर ती उभी आहे, आणि झाशी हा त्या वाटेवरचा सर्वांत भयंकर मुक्काम आहे. शाळकरी पुस्तकांतून विहिरीवरचा उतारा देण्याची प्रथा चांगली असली, तरी त्याबरोबर काशीहून निघालेल्या कावडीची पाने एकदा तरी मुलांपुढे ठेवावीत, अशी माझी शिक्षकांना विनंती आहे. झाशीच्या राणीला कोणी पाहिले, आणि तो पाहणारा कोठे निघाला होता, हे त्यांना त्या पानांतूनच कळेल.